कार्डावर कोड (पांढरे डाग), तपासणीत अल्बिनिझम (जन्मतः रंग नसणं): तासगाव तालुक्यातल्या एका मुलीचं प्रकरण

(कुटुंबाची ओळख पटू नये म्हणून गावाचं नाव दिलेलं नाही आणि काही तपशील बदलले आहेत. मुलीचं छायाचित्र कुठेही वापरलेलं नाही.)

पार्श्वभूमी

सांगली जिल्ह्यात तासगाव तालुक्यातलं द्राक्षबागांचं गाव. मुलगी सात वर्षांची, जिल्हा परिषदेच्या शाळेत दुसरीत. जन्मापासून केस पांढरट पिवळे, भुवया आणि पापण्याही तशाच. कातडी गुलाबी गोरी, बुबुळं राखाडी निळसर. आई-वडील दोघेही चांगले सावळे. स्वतःची थोडी बाग आणि उरलेला वेळ दुसऱ्यांच्या बागेत मजुरी. वडिलांचं लग्न सख्ख्या मामाच्या मुलीशी झालेलं, आपल्याकडे होतात तसं. त्यामुळे मुलीची आजी ही तिच्या आईची सासूही आणि आत्याही. हा तपशील पुढे दोन ठिकाणी महत्त्वाचा ठरतो, म्हणून आधीच सांगून ठेवते.

मी तालुक्याच्या गट साधन केंद्रातून समावेशित शिक्षणाचं, म्हणजे दिव्यांग मुलांनी इतरांसोबत शिकावं याचं काम पाहते. वर्गशिक्षिकेने हे नाव माझ्याकडे कळवलं ते कातडीमुळे किंवा डोळ्यांमुळे नव्हे. त्यांनी लिहिलं होतं, "फळ्यावरचं उतरवत नाही, लक्ष नसतं, मान वाकडी करून बसते. अध्ययन अक्षमता असावी का?"

अडचण

शाळेत मुलीच्या नावाचा एक कागद आधीपासून होता. वर्षाच्या सुरुवातीला तपासणीला आलेल्या आरोग्य पथकाने तिच्या कार्डावर त्वचेच्या रकान्यात खूण करून पुढे "कोड" असं लिहिलं होतं. डोळ्यांचा रकाना कोरा.

घरच्यांना हा शब्द नवा नव्हता. गावात तिला कोडाचीच पोर म्हणत. पण सरकारी कार्डावर तोच शब्द आल्यावर त्याला वजन आलं. आजीने ओळखीतून एक औषध देणारा गाठला. त्याने बावचीचं तेल दिलं. रोज सकाळी हातापायांना लावायचं आणि अर्धा तास उन्हात बसायचं. महिनाभरात मुलीच्या दोन्ही हातांवर आणि मानेमागे फोड आले. आजीचं म्हणणं, "औषध भिनाय लागलंय म्हणून फोड आल्यात." आईला ते पटत नव्हतं, पण आत्याच सासू असली की विरोध करायलाही वेगळी हिंमत लागते.

इथे थोडं थांबून कोड आणि अल्बिनिझम यांतला फरक नीट सांगते, कारण या प्रकरणातलं सगळं नुकसान तिथूनच सुरू झालं.

कोड हा जन्मानंतर केव्हातरी सुरू होणारा विकार आहे. कातडीतल्या रंग तयार करणाऱ्या पेशी ठिकठिकाणी नष्ट होतात आणि तिथे कडा असलेले पांढरे डाग पडतात. उरलेल्या अंगाचा रंग जसाच्या तसा राहतो. बावचीच्या बियांत सोरॅलेन नावाचं द्रव्य असतं. ते लावून ऊन दिलं की केसांच्या मुळाशी आणि डागाच्या कडेला शिल्लक असलेल्या रंगपेशी कामाला लागतात, असा त्या उपचाराचा आधार आहे. त्वचारोगतज्ज्ञही सोरॅलेन वापरतात, पण मोजून, आणि कोडावर.

अल्बिनिझममध्ये रंगपेशी असतात, सगळ्या जागच्या जागी असतात. त्यांना मेलॅनिन बनवता येत नाही किंवा फार कमी बनवता येतं. टायरोसिन या अमिनो आम्लापासून मेलॅनिन तयार होण्याच्या साखळीत कुठेतरी जन्मतःच खोट असते. सर्वांत ठळक प्रकारात टायरोसिनेज हे एन्झाइमच चालत नाही. अशा पेशींना सोरॅलेनने कितीही उठवलं तरी रंग येणार कुठून? उलट सोरॅलेनमुळे कातडी उन्हाला आणखी हळवी होते आणि संरक्षणाला मेलॅनिन नाही. म्हणजे या मुलीला भाजण्याची सोय औषध म्हणून रोज केली जात होती.

लंडनचे डॉक्टर आर्चिबाल्ड गॅरड यांनी १९०८ साली जन्मजात चयापचय दोषांवर व्याख्यानं दिली, तेव्हा निवडलेल्या चार उदाहरणांत अल्बिनिझम होतं. रोगांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत ते ई ७०.३ या क्रमांकावर चयापचयाच्या विकारांत येतं आणि कोड एल ८० वर, त्वचेच्या प्रकरणात. शंभर वर्षांहून जुना हा भेद आपल्या कार्डांवर अजून उतरत नाही, याचा मला राग येतो हे लपवत नाही.

कोणत्या वाटा होत्या

शाळेची अपेक्षा सरळ होती. मी अध्ययन अक्षमतेची प्राथमिक चाचणी घ्यावी आणि पुढे पाठवावं. ते केलं असतं तर मुलगी चाचणीत नापास झाली असती, कारण चाचणीचे कागद तिला दिसलेच नसते. मग तिच्या नावावर दुसरा चुकीचा शब्द चढला असता.

म्हणून आधी दोन तास नुसतं निरीक्षण केलं. वर्गात ती उजव्या बाजूच्या रांगेत, खिडकीकडे तोंड करून बसलेली. डोळे सतत डावीकडून उजवीकडे हलत होते, बारीक थरथरल्यासारखे. फळ्याकडे बघताना चेहरा डावीकडे वळवायची आणि डोळे उजव्या कोपऱ्यात न्यायची. पुस्तक नाकापासून चार बोटांवर. मधल्या सुट्टीत सगळी मुलं मैदानात, ही व्हरांड्यातल्या खांबाआड. तिथे सावलीत तिने मला बालभारतीच्या पुस्तकातला एक धडा वाचून दाखवला, हळू पण बिनचूक. ज्या मुलीबद्दल फळ्यावरचं उतरवत नाही असं लिहून आलं होतं, तिचं हे वाचन ऐकल्यावर अध्ययन अक्षमतेची शंका मी बाजूला ठेवली.

दुसरी वाट आईला हवी होती. आधी त्वचेच्या डॉक्टरांकडे जाऊ, फोड बरे करू, बाकीचं नंतर बघू. हे चूक नव्हतं. जखमा उघड्या होत्या. पण फक्त तिथेच गेलो असतो तर मलम मिळालं असतं आणि डोळ्यांचा प्रश्न आणखी एक वर्ष तसाच राहिला असता.

तिसरी वाट थेट नेत्रतपासणीची. मिरज-सांगलीला जायचं म्हणजे एका माणसाची दिवसाची मजुरी बुडणार, आणि हे ऑक्टोबर छाटणीचे दिवस. वडील म्हणाले, "छाटणी उरकू द्या मॅडम, मग जाऊया की." बागेची वेळ टळत नाही हे मला माहीत आहे. म्हणून एकाच फेरीत त्वचा आणि डोळे दोन्ही व्हावेत असं ठरवलं. त्याच शासकीय रुग्णालयात दोन्ही विभाग असलेला दिवस आधी विचारून घेतला. आजीलाही सोबत न्यायचं ठरलं. या निर्णयावर आई नाराज होती, पण तेल आजी लावत होती. डॉक्टरांचं बोलणं आजीने स्वतः ऐकल्याशिवाय ते बंद होणार नव्हतं.

काय केलं

त्वचेच्या डॉक्टरांनी पाच मिनिटांत तेल आणि ऊन बंद करायला सांगितलं आणि भाजलेल्या जागांवर उपचार दिले. केस, पापण्या, बुबुळं सगळंच फिकट आणि तेही जन्मापासून, हे बघून त्यांनी केसपेपरवर लिहिलं: ऑक्युलोक्युटेनियस अल्बिनिझम. म्हणजे डोळे आणि कातडी दोन्हींत असलेला अल्बिनिझम. शब्द लांबलचक आहे, पण त्याचा पहिला भाग मुद्दाम लिहावा लागतो. नुसतं अल्बिनिझम लिहिलं की वाचणारा कातडीकडे बघतो. शिवाय फक्त डोळ्यांपुरता मर्यादित असलेलाही एक प्रकार आहे. तो एक्स गुणसूत्रावरून येतो, म्हणून बहुतेक मुलग्यांत दिसतो, आणि त्यात कातडीचा रंग साधारण घरच्यांसारखाच असू शकतो. अशा मुलाला तर कुणी अल्बिनिझम म्हणून ओळखणारही नाही.

डॉक्टरांनी आणखी तीन प्रश्न विचारले ते मला आवडले. दात पडल्यावर किंवा खरचटल्यावर रक्त लवकर थांबतं का? अंगावर उगाच निळे डाग उठतात का? वारंवार मोठे जंतुसंसर्ग होतात का? अल्बिनिझमसोबत रक्तस्राव होणारा हर्मान्स्की-पुडलक आणि प्रतिकारशक्ती कमी असणारा चेडियाक-हिगाशी असे दोन दुर्मिळ विकार असू शकतात, त्यांची ती चौकशी होती. आईने सांगितलं, कान टोचले तेव्हा काही झालं नाही, दात पडले तेव्हाही नाही. तिथे तो विषय थांबला.

नेत्रविभागात बराच वेळ गेला. बुबुळातून प्रकाश आरपार दिसत होता. पडद्याच्या मध्यभागी बारीक दिसण्याची जी जागा असते, तिची वाढ अपुरी होती. अल्बिनिझममध्ये गर्भातच मेलॅनिन कमी पडल्याने ही जागा नीट घडत नाही आणि डोळ्यांकडून मेंदूकडे जाणाऱ्या तंतूंची वाटणीही बदलते. म्हणून चष्म्याने नजर सुधारते, पण पूर्ण होत नाही. हिला मोठा सिलिंड्रिकल नंबर निघाला. चष्म्याशिवाय दोन्ही डोळ्यांनी ६/६०, म्हणजे इतरांना साठ मीटरवरून दिसतं ते हिला सहा मीटरवरून. चष्म्याने उजवा ६/३६, डावा ६/६० वरच. जवळचं मात्र बरंच चांगलं, कारण पुस्तक जवळ घेतलं की अक्षर मोठं दिसतं आणि डोळ्यांची थरथरही थोडी कमी होते. "जवळ धरून वाचल्याने डोळे बिघडत नाहीत, तिला धरू द्या," हे डॉक्टरांनी आजीला दोनदा सांगितलं.

घरी परतल्यावर खरा प्रश्न आजीचा होता: "असं झालंच का?" तिच्या मते सुनेने पोटुशी असताना ग्रहण पाळलं नव्हतं. वडिलांना तर वेगळीच शंका गावाने भरवली होती, ती इथे लिहीत नाही. मी छापा-काट्याचं उदाहरण दिलं. आई-वडील दोघांकडे या जनुकाच्या दोन-दोन प्रती, एक चांगली, एक बिघडलेली. एक चांगली असली की रंग येतो, म्हणून दोघेही सावळे. प्रत्येक मुलाच्या वेळी दोघांनी एकेक नाणं उडवायचं. दोन्हीकडून काटाच पडला तर मूल असं. चारात एक. ग्रहणाचा संबंध नाही आणि कुणा एकाच्या रक्ताचाही नाही. आजी गप्प ऐकत होती. मग तिनेच विचारलं, "म्हंजी आमच्या माह्यारकडनंबी आलंय?" हो, तिच्याच माहेरकडून दोन्ही अंगांनी आलेलं असण्याची शक्यता मोठी होती. सुनेला बोलणं त्या दिवसापासून कमी झालं, असं आईने नंतर सांगितलं. नातं जवळचं असल्याचा हा एक अनपेक्षित फायदा.

दाखल्याचा घोळ

आता अपंगत्वाच्या दाखल्याचा भाग. यात सगळ्यात जास्त वेळ गेला आणि इतरांना उपयोगी पडावं म्हणून तोच जरा सविस्तर लिहिते.

वडिलांनी पहिला ऑनलाइन अर्ज गावातल्या सेवा केंद्रातून भरला. भरणाऱ्याने प्रकार निवडायच्या यादीत अल्बिनिझम शोधलं, सापडलं नाही, मग त्वचेशी जवळचं वाटलं म्हणून भलताच पर्याय दाबला. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात २१ प्रकार आहेत. त्यांत अल्बिनिझम नाही. खिडकीवरून उत्तर आलं, "हा आजार यादीत बसत नाही." वडिलांनी कागद गुंडाळून ठेवले.

इथला निर्णय असा होता: वर दाद मागायची, की अर्ज वेगळ्या शब्दात करायचा? दाद मागण्यात अर्थ नव्हता, कारण खिडकीवरचा माणूस शब्दशः बरोबर होता. यादीबाहेरच्या आजाराला कायदा दाखला देत नाही, पण त्यातून येणारी मर्यादा यादीत असेल तर तिला देतो. त्या २१ मध्ये अल्प दृष्टी आहे. चांगल्या डोळ्याची नजर, सर्वांत योग्य चष्मा लावून, ६/१८ पेक्षा कमी आणि ३/६० पर्यंत असेल तर ती अल्प दृष्टी. केंद्राच्या मूल्यमापन नियमांत दोन्ही डोळे ६/२४ ते ६/६० च्या पट्ट्यात असतील तर ४० टक्के धरतात. ४० टक्के ही लक्षणीय दिव्यांगत्वाची रेषा. ही मुलगी नेमकी तिच्यावर बसत होती.

दुसरा अर्ज अल्प दृष्टीखाली केला. सोबत नेत्रविभागाचा केसपेपर, ज्यावर निदानाच्या जागी ऑक्युलोक्युटेनियस अल्बिनिझम आणि नजरेचे आकडे चष्म्यासह असे दोन्ही होते. यावेळी मंजूर झाला. आकडे चष्म्याशिवायचे देऊन चालत नाही. अनेक पालक तेच करतात आणि टक्केवारी कमी भरली की फसवल्यासारखं वाटून घेतात.

जनुकीय तपासणीबद्दलही विचार झाला. खर्च हजारांत होता. डोळ्याने बघून अल्बिनिझमचा उपप्रकार ठरवता येत नाही, हे खरं. पण उपप्रकार कळल्याने मुलीचा चष्मा, टोपी, शाळा यांत काहीच बदलणार नव्हतं. फरक पडला असता तो पुढच्या गरोदरपणात तपासणी करायची असेल तर. आई-वडिलांनी ती तूर्त नको म्हटलं आणि मी आग्रह धरला नाही.

शाळेत काय बदललं

बसण्याची जागा हा सर्वांत स्वस्त आणि सर्वांत परिणामकारक बदल ठरला. तिची नजर उजव्या कोपऱ्यात स्थिर होत होती, म्हणजे फळा तिच्या उजवीकडे आला पाहिजे. म्हणून तिला पहिल्या रांगेत डाव्या टोकाला बसवलं, खिडकीकडे पाठ करून. मान वाकडी करणं आपोआप कमी झालं. बाईंनी फळ्यावर लिहिताना मोठ्याने बोलायचं ठरवलं. समग्र शिक्षा या सरकारी योजनेतून मोठ्या अक्षरांची पुस्तकं मागवली. ती पहिलं सत्र संपता संपता आली. तोवर बाई मोबाइलवर फळ्याचा फोटो काढून तिला मोठा करून दाखवत.

टोपीवरून मात्र घोळ झाला. गणवेशात टोपी नाही, असं मुख्याध्यापकांचं म्हणणं. परिपाठ साडेदहाला मैदानात, म्हणजे ऐन उन्हात. मी दाखला पुढे ठेवला, पण काम झालं ते एका साध्या सूचनेने: परिपाठच झाडाखाली घ्या. त्याने सगळ्याच मुलांची सोय झाली आणि टोपीलाही नंतर कुणी हरकत घेतली नाही.

सनस्क्रीनचा अनुभव तितका चांगला नाही. एसपीएफ ३० किंवा वरचं, दर दोन तासांनी लावायचं, असा सल्ला होता. नळी महाग. आजी ते लग्नाला जाताना लावायचं मलम समजून जपून ठेवायची. मग कपड्यांवर भर दिला. आमच्याकडे बायका बागेत कामाला जाताना साडीवरून नवऱ्याचा पूर्ण बाह्यांचा शर्ट घालतात. आईने तसलाच एक जुना शर्ट कापून मुलीला शिवला, कॉलर उंच ठेवून. हे टिकलं, कारण त्यात वेगळं काही करायचं नव्हतं. बेदाण्याच्या हंगामात ती आईबरोबर शेडवर जाते, तिथे तो शर्ट आणि मोठ्या काठाची टोपी अंगावर असते.

निष्पत्ती

वर्षअखेरीला हातांवरचे फोड गेलेले, मानेमागे डाग मात्र राहिला. वाचन वर्गाच्या बरोबरीने आलं. फळ्यावरून गणितं उतरवायला अजून वेळ लागतो आणि पाढे लिहिताना रांगा चुकतात. चष्मा ती खेळताना काढून ठेवते, त्याला इलाज सापडलेला नाही. वर्गातली मुलं तिला "म्हातारी" म्हणायची, ते वर्गशिक्षिकेने वर्गात रंगद्रव्याचा धडा घेतल्यावर कमी झालं, बंद झालं नाही. वरच्या वर्गातल्या मुलांनी ते चालूच ठेवलं.

कार्डावरचा "कोड" हा शब्द खोडून घ्यायला आम्ही अर्ज दिला. नवं कार्ड मिळालं, जुन्या नोंदीत तो शब्द अजून आहे.

वेगळं काय करता आलं असतं

पहिली संधी जन्मानंतर दोन-तीन महिन्यांत होती. डोळ्यांची थरथर तेव्हाच सुरू होते आणि आईने ती पाहिलीही होती. लसीकरणाला गेल्यावर तिने विचारलं तर "मोठी झाल्यावर जाईल" असं उत्तर मिळालं. पांढरे केस आणि हलणारे डोळे एकत्र दिसले की नेत्रविभागात पाठवा, एवढी एक ओळ आशाताई आणि अंगणवाडीताईंच्या प्रशिक्षणात असती तर चष्मा पाच वर्षं आधी लागला असता.

शाळेच्या तपासणीत पथकाकडे वेळ कमी असतो हे मान्य. तरीही निदान न लिहिता "त्वचा व केस जन्मतः फिकट, डोळे हलतात" असं नुसतं निरीक्षण लिहिलं असतं तरी पुढचा माणूस बरोबर ठिकाणी गेला असता. तपासणीच्या पातळीवर निदानाचा शब्द टाळावा, असं माझं या प्रकरणानंतर ठाम मत झालं आहे. सहकाऱ्यांपैकी काहींना ते पटत नाही. त्यांच्या मते निदान नसेल तर पालक पुढे जातच नाहीत, आणि यातही तथ्य आहे.

दाखल्याच्या बाबतीत, नेत्रविभागातूनच "अल्प दृष्टीखाली अर्ज करा" अशी चिठ्ठी घेतली असती तर पहिला अर्ज वाया गेला नसता.

जनुकीय तपासणीचा निर्णय आता पुन्हा उघडावा लागेल. आई-वडिलांना दुसरं मूल हवं आहे आणि आजीने यावेळी स्वतःच विचारलं आहे की मिरजेला समुपदेशन मिळतं का. दिवस राहण्याआधी ते व्हावं म्हणून वेळ ठरवायचं काम चालू आहे. तिसरीच्या मोठ्या अक्षरांच्या पुस्तकांची मागणी मार्चमध्येच नोंदवली आहे.